कुंडीचा माथा बघा

प्रश्न : मी साताऱ्यात शाहूपुरीत तिसऱ्या मजल्यावर राहते. जानेवारीत पुण्याहून स्ट्रिंग ऑफ पर्ल्सची कुंडी आणली, हिरव्या मोत्यांच्या माळा लोंबतात ती. साडेचारशे रुपये मोजले. मेपर्यंत सुरेख होती, माळा दीड-दोन फूट झाल्या. जून लागला आणि मणी सुरकुतायला लागले. पाणी कमी पडतंय असं वाटून वाढवलं. मग पावसाचे फटकारे नकोत म्हणून बाल्कनीतून हॉलमध्ये टीव्हीच्या वर, छताच्या हुकाला टांगली. तरी फरक नाही, म्हणून कुंडी लहान पडत असेल असं समजून मोठ्या कुंडीत लाल माती आणि शेणखत घालून लावली. आता वरून टक्कल पडलंय आणि माळा हात लावला की तुटून येतात. त्यात सासूबाई तुळशीला पाणी घातलं की तांब्यात उरलेलं रोज हिच्यात ओततात. नको म्हटलं तर म्हणतात, "पाण्यावाचून झाड जगतं का कुठं?" पाणी नेमकं किती दिवसांनी द्यायचं? आणि हे झाड वाचेल का?

उत्तर :

ताई, दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, कारण तिथे वेळ थोडा आहे. वाचेल. पण कुंडीत उरलंय ते नाही, माळेच्या शेंड्याला उरलंय ते. तेव्हा आधी उठा आणि ज्या माळांचं टोक अजून हिरवं, टणक आहे, ती टोकं चांगली चार-चार बोटं लांब कात्रीने कापून घ्या. वर्तमानपत्रावर सावलीत पसरा, पंख्याखाली नको. उद्यापर्यंत तशीच पडू द्यात, त्यांना काही होत नाही. हे केलंत की बाकीचं निवांत वाचा.

आता झालं काय ते सांगते. मणी सुरकुतला म्हणजे तहान लागली, असा आपला सरळ हिशेब. तो अर्धाच खरा आहे. मुळं कुजली की झाडाला पाणी ओढता येत नाही, मग कुंडीत चिखल आणि माळेत दुष्काळ. 2019 च्या ऑगस्टमधला सांगलीचा पूर आठवा. घराला पाण्याने वेढा घातलेला आणि प्यायच्या पाण्यासाठी टँकरची वाट बघायची. तुमच्या झाडाचं जूनपासून तेच चाललंय, आणि आपण वरून आणखी ओततोय.

दोन्हींतला फरक ओळखायला बोटं पुरतात. तहानलेला मणी सुरकुततो, पण हिरवाच राहतो. चिमटीत दाबला तर मऊ लागतो, फुटत नाही. देठ शिवणाच्या दोऱ्यासारखा चिवट असतो. कुजलेल्या झाडाचा मणी पिवळट, काचेसारखा होतो, अवकाळी पावसात सापडलेल्या द्राक्षासारखा. दाबला की पाणी येतं. देठ मातीच्या तोंडाशी तपकिरी पडतो आणि नुसता ओढला की सुटून येतो. तुम्ही लिहिलंयत "हात लावला की तुटून येतात", तिथेच मला निदान कळलं. शंका राहिलीच तर कुंडी उचलून बघायची. मणी सुरकुतलेले आणि कुंडी जड, म्हणजे पाण्याला हात लावायचा नाही.

तुमची पहिली चूक ही, आणि ती जवळजवळ प्रत्येकाची होते. दुसरी चूक मात्र फारशी कुणाच्या लक्षात येत नाही, म्हणून तिच्यावर जरा जास्त बोलते. ती म्हणजे टीव्हीच्या वर छताला टांगणं.

त्यासाठी ह्या झाडाचं माहेर माहीत हवं. हे दक्षिण आफ्रिकेच्या कोरड्या भागातलं. तिथे ते कुठूनही लोंबत नाही. जमिनीवर पसरतं, झुडपांच्या आणि दगडांच्या आडोशाला, आणि देठ मातीला जिथे टेकेल तिथे मुळं सोडत पुढे सरकतं, आपल्या अंगणातल्या हरळीसारखं. एक माळ दहा ठिकाणी जमिनीला धरलेली असते. एका जागी कुजली तरी बाकीची नऊ जागी जगते. लोंबायला लावलं ते आपण, शोभेसाठी. टांगलेल्या कुंडीत दोन फुटांची माळ फक्त वरच्या एका बिंदूवर मातीला धरून असते. तो बिंदू गेला की खालचे सगळे मणी गेले. बघणारा माणूस खाली लोंबणाऱ्या माळा बघतो आणि खूश होतो. झाडाचा सगळा जीव वर, कुंडीच्या माथ्यावर असतो.

आता तुमच्या हॉलमध्ये बघा. खिडकीची वरची कड कुठे येते आणि कुंडी कुठे आहे? मी पैज लावते, कुंडी कडेच्याही वर आहे. माळांवर उजेड पडतो आणि माथा काळोखात. काळोखात माती वाळत नाही, नवा कोंब फुटत नाही, म्हणून आधी वरच टक्कल पडतं. आपल्याला हॉल लख्ख वाटतो, पण आपला डोळा फसवा असतो. स्टुलावर चढा, दुपारी बाराच्या सुमाराला कुंडीच्या माथ्यावर वीतभर उंचीवर हात धरा. हाताची सावली ठळक, बोटं मोजता येतील अशी पडली तर जागा बरी. पुसट डाग पडला तर तिथे प्लास्टिकची फुलं टांगा.

आणि एक मणी तोडून खिडकीपाशी धरून बघाच. एका बाजूला टोकापासून खाली गेलेली गडद, अर्धपारदर्शक रेघ दिसेल. ती शोभेची नाही. गोल पानाला पृष्ठभाग कमी, त्यामुळे पाणी कमी उडतं, कोरड्या मुलखात हे सोयीचं. पण त्यामुळे उजेडही कमी मिळतो. ती रेघ म्हणजे मण्याची खिडकी, तिच्यातून उजेड आत शिरतो आणि मणी आतल्या बाजूनेही अन्न तयार करतो. मणी पाण्याने भरलेला असला की ही खिडकी रुंद दिसते, तहानला की चिमटून बारीक होते. पाणी द्यायचं की नाही हे मी कॅलेंडरवर बघत नाही, ह्या रेघेवर बघते.

साताऱ्याच्या माणसाला आणखी एक गंमत सांगितल्याशिवाय राहवत नाही. 1968 साली ह्या झाडाला शास्त्रीय नाव मिळालं ते सेनेशियो राउलियानस, गॉर्डन राउली ह्या ब्रिटिश अभ्यासकाच्या नावावरून. पुढे त्याला क्युरियो ह्या वेगळ्या गटात टाकलं, पण नर्सरीवाले अजून सेनेशियोच म्हणतात. आणि सप्टेंबरात कास पठारावर पिवळी चादर पसरते ती सोनकी, तीही सेनेशियोच. म्हणजे तुमच्या हॉलमधली पाहुणी आपल्या सोनकीची लांबची चुलतबहीण. दोघीही झेंडू-शेवंतीच्या घराण्यातल्या. मोत्यांच्या माळेला फूल आलं तर ते पांढऱ्या ब्रशसारखं असतं आणि त्याला चक्क दालचिनीचा वास येतो. थंडीत भरपूर उजेड आणि बाहेरची गार रात्र मिळाली तर येतं. माझ्याकडे सात वर्षांत दोनदा आलं. पहिल्यांदा मी स्वयंपाकघरात मसाल्याचा डबा उघडा राहिलाय का बघून आले.

पण नात्यावर जाऊ नका. सोनकी कासच्या पावसात डुलते, ही दोन आठवड्यांच्या झडीत कुजते.

तिसरी चूक मोठी कुंडी, लाल माती, शेणखत. ह्याबद्दल रागावणार नाही, कारण मी स्वतः हेच केलंय. पहिल्या वर्षी मी माझी कुंडी घेतली तिथल्याच माणसाला विचारलं, तर तो म्हणाला, "मोठ्या कुंडीत लावा, दणकून वाढेल." लावली. मिरगाचा पाऊस सुरू झाल्यावर तीन आठवड्यांत कुंडीत नुसते दोरे उरले. आपल्याकडची लाल माती पोत्यातून काढताना भुसभुशीत वाटते, पण दोनदा भिजली की विटेसारखी घट्ट बसते. ह्या झाडाची मुळं बोट-दीड बोट खोल जातात. त्याखालच्या मातीतलं पाणी प्यायला कुणीच नसतं, ते तिथेच साचून राहतं. शेणखत ते आणखी धरून ठेवतं. गुलाबाला जे अमृत ते हिला विष.

म्हणून नवी कुंडी उथळ घ्या. सहा इंच रुंद आणि तीन-चार इंच खोल, मातीची, बुडाला भोक असलेली. कुंभाराकडे परळ मिळतो तसा, फक्त भोक पाडून मागा. मातीची कुंडी अंगानेही पाणी सोडते, प्लास्टिकची सोडत नाही. बाहेरून सुंदर आणि बुडाला बंद अशा चिनीमातीच्या भांड्यात ही लावायची नाही, कुणी वाढदिवसाला दिलं असलं तरी.

मिश्रण घरच्या घरी होतं. दोन वाट्या विटेचे तुकडे, हरभऱ्याच्या डाळीएवढे. एक वाटी जाड वाळू किंवा बांधकामावरची कच, चाळून, धुऊन, पीठ काढून टाकून. एक वाटी नर्सरीची माती. अर्धी वाटी गांडूळखत किंवा कुजलेला पालापाचोळा. पर्लाइट (नर्सरीत मिळणारे पांढरे, हलके खडे) मिळालं तर मूठभर घाला, नाही मिळालं तर अडत नाही. हे ओलं करून मुठीत दाबा आणि मूठ उघडा. लाडू वळला तर विटेचे तुकडे आणखी हवेत, विस्कटला तर जमलं. वीट फोडताना डोळ्यांवर चष्मा ठेवा आणि चाळणी स्वयंपाकघरातली घेऊ नका, ह्यावरून आमच्याकडे एकदा दोन दिवस अबोला झालाय.

आता ती कापलेली टोकं. एक दिवसात कापलेली जागा सुकून बंद झाली असेल. कुंडी काठाच्या अर्ध्या इंचापर्यंत भरा, मिश्रण जेमतेम दमट असू द्या. टोकं उभी खोचू नका. आडवी ठेवा, जिलेबीसारखी गोल गोल फिरवून, सगळा माथा झाकेल अशी. केसांचे आकडे असतात ना, जुने, काळे, त्यांनी जागोजागी मातीला चिकटवून टाका. मणी पुरायचे नाहीत, नुसता देठ मातीला टेकायला हवा. मण्याच्या बुडाशी जिथे पेर असतं तिथून पांढरी मुळं सुटतात. दोन-तीन आठवडे लागतात, ह्या हवेत कदाचित थोडे जास्त. ह्या दिवसांत चार-पाच दिवसांनी स्प्रेने वरचा थर ओला करायचा, इतकंच. ओतायचं नाही. मध्येच उपटून "मुळं आली का" बघायचं नाही. हलकेच ओढून बघा, धरून ठेवलं तर आली.

ह्या पद्धतीत झाड दहा ठिकाणी रुजतं, त्याच्या मूळच्या सवयीप्रमाणे. पुढेही एखादी माळ फार लांब झाली की कापायची आणि परत माथ्यावर गुंडाळायची. माथा दाट राहिला तर माळा आपोआप येत राहतात. ज्यांच्याकडे दोन-दोन फुटांचे दाट पडदे दिसतात त्यांचं गुपित एवढंच आहे.

जागा : तुमची बाल्कनी कोणत्या दिशेला आहे ते लिहिलं नाहीत. पूर्वेची असेल तर तिथेच, छपराच्या आत दोन फूट, कठड्याच्या उंचीवर. सकाळचं दोन-तीन तास ऊन मानवतं. पश्चिमेची असेल तर पावसाळ्यात नको, साताऱ्याचा पाऊस पश्चिमेकडून आडवा येतो आणि तिसऱ्या मजल्यावर तर खिडकीची गजांची जाळीसुद्धा त्याला अडवत नाही. तोवर घरातल्या सगळ्यात उजेडाच्या खिडकीत, काचेला लागून, ओट्याएवढ्या उंचीवर ठेवा. एप्रिल-मेच्या दुपारच्या उन्हात मणी भाजतात, त्यावर तपकिरी चट्टे पडतात आणि ते पुन्हा हिरवे होत नाहीत. तेव्हा हिरवी जाळी नाहीतर जुनी पातळ ओढणी बांधा.

आता तुमचा पहिला प्रश्न, पाणी. रेघ बघायची हे सांगितलंच. तरी अंदाज हवा असतो, म्हणून माझा देते. मार्च ते मे आठ-दहा दिवसांनी. पावसाळ्यात वीस दिवसांनी, झड लागली असेल तर महिनाभरही नाही. गणपती उठल्यावर हवा मोकळी झाली की पंधरा दिवसांनी, थंडीत बारा-पंधरा. सांगली-मिरजेकडे पाऊस कमी आणि ऊन कडक, तिथल्या वाचकांनी एखाद-दोन दिवस अलीकडे या. देताना मात्र पळीने शिंपडायचं नाही. सकाळी कुंडी मोरीत नेऊन भोकातून पाणी गळेपर्यंत भरपूर द्यायचं, निथळू द्यायचं, मग टांगायची. रोजचं थोडं थोडं पाणी सगळ्यात वाईट, त्याने वरचा थर कायम ओला राहतो, आणि माथा तिथेच असतो.

म्हणजे सासूबाईंचा तांब्या. ताई, त्यांना नको म्हणून उपयोग नाही. चाळीस-पन्नास वर्षं झाडांना पाणी घालून ज्यांनी घर हिरवं ठेवलं, त्यांना एका पुण्याच्या कुंडीसाठी तुम्ही अडवणार, आणि त्या ऐकणार? त्यांचा नियम चुकीचा नाही, ह्या झाडाला लागू नाही इतकंच. (तुळशीलाही पावसाळ्यात रोजचं पाणी जास्तच होतं, पण ते इथे लिहून मी तुमच्या घरात दुसरं भांडण लावणार नाही.) तुमच्या मोकळ्या झालेल्या मोठ्या कुंडीत अळूचा कंद लावा आणि ती तुळशीशेजारी ठेवा. शेणखत घातलेली ती लाल माती अळूला लागतेच, रोज तांब्याभर पाणी तो आनंदाने पितो. उरलेलं पाणी ओतायला जागा झाली. मोत्यांची कुंडी मात्र त्या वाटेवरून हलवा. नजरेसमोर तहानलेलं दिसलं की हात आपोआप जातो, तुमचाही जाईल.

किडीचं थोडक्यात. मण्यांच्या बेचक्यात कापसाचे बारीक पुंजके दिसले तर तो पिठ्या ढेकूण. घरात कुणाची तासगावकडे द्राक्षबाग असेल तर त्यांना दाखवा, लांबूनच ओळखतील. कानकोरणीच्या कापसावर सर्जिकल स्पिरिट घेऊन एकेक पुंजका टिपून काढायचा, चार दिवसांनी पुन्हा. फवारणीची घाई नको. निमतेल मारायचंच असेल तर आधी दोन-चार मण्यांवर मारून तीन दिवस थांबा, आणि संध्याकाळीच. खत वर्षातून दोनदा बास, दिवाळीनंतर आणि फेब्रुवारीत, गांडूळखताचं चहाच्या रंगाचं पाणी.

घरात रांगतं मूल किंवा मांजर असेल तर एक खरोखर लक्षात ठेवा. हे मणी मटारसारखे दिसतात आणि ते विषारी आहेत. खाल्ले तर उलट्या-जुलाब होतात. गळलेले मणी रोज उचला. माळा मुलाच्या हाताला येतील एवढ्या लांब होऊ देऊ नका. मूल खाताना दिसलं तर घरगुती उपाय करत बसू नका, मणी सोबत घेऊन डॉक्टरांकडे जा.

आणि हे सगळं वाचून "एवढं कोण करत बसणार" असं वाटलं, तर तसं म्हणण्यात काही कमीपणा नाही. लोंबणारंच हवं असेल तर स्ट्रिंग ऑफ हार्ट्स घ्या, बदामाच्या आकाराची चंदेरी नक्षीची पानं असतात ती. तीही आफ्रिकेतलीच, पण तिच्या देठावर मण्यांसारखे छोटे कंद धरतात, त्यात पाणी साठतं, त्यामुळे चूक सोसते. पावसाळा तिला जरा बरा मानवतो. शिवाय ती सेरोपेजिया, कासला वाकून वाकून ज्याचे फोटो काढतात त्या कंदीलपुष्पाची सख्खी नातलग. फूलही तसंच, इवलासा कंदील, नखाएवढा.

पण टोकं कापून वर्तमानपत्रावर ठेवलीच आहेत, तर आधी ती लावून बघा. बारा टोकं लावलीत तर आठ तरी लागतील. दसऱ्याच्या आसपास शेंड्याला मोहरीएवढे, फिकट हिरवे नवे मणी दिसायला हवेत. दिसले तर फोटो पाठवा, माळांचा नको, वरून माथ्याचा काढा. आणि अळूला पानं आली तर पहिल्या वड्या सासूबाईंनाच करू द्या.